नोटीस काढली, पण बजावली का? मुलुंडच्या इमारती आणि ‘खासगी वन’

संजय गांधी राष्ट्रीय उद्यानाच्या कडेने मुलुंड, बोरिवली अशा उपनगरांत राहणाऱ्या हजारो कुटुंबांना 2006 च्या सुमारास कळलं, की आपली इमारत ज्या जमिनीवर उभी आहे ती सरकारदप्तरी वन आहे. घर घेताना बघण्यासारखं यांनी सगळं बघितलं होतं. विकास आराखड्यात निवासी पट्टा, महापालिकेची आयओडी (बांधकामाची प्राथमिक मंजुरी), सीसी (काम सुरू करण्याचा दाखला), ओसी (राहण्याचा दाखला). मालमत्ता कराची बिलंही दर वर्षी येत होती. आता जमिनीच्या उताऱ्यावर वनाचा शेरा पडला आणि घर विकणं, त्यावर कर्ज काढणं, जुनी इमारत पाडून नवी बांधणं, सगळंच अडलं.

याची सुरुवात 1956-57 मधली. भारतीय वन अधिनियम 1927 च्या कलम 35 खाली खासगी जंगलातली नांगरट, चराई, जाळपोळ यांवर सरकारला बंधनं घालता येत होती. पण त्याआधी मालकाला याच कलमाच्या पोटकलम 3 ची, म्हणजे 35(3) ची, नोटीस देऊन त्याचं म्हणणं ऐकायचं होतं. तेव्हाच्या मुंबई सरकारने अशा पुष्कळ नोटिसा काढल्या. नोटिशीतून घातलेली तात्पुरती बंदी जास्तीत जास्त सहा महिने टिकणारी. तेवढ्यात सुनावणी घेऊन अंतिम अधिसूचना काढायची, ते अनेक ठिकाणी राहूनच गेलं.

मग महाराष्ट्र खासगी वने (संपादन) अधिनियम आला. 30 ऑगस्ट 1975 या दिवशी राज्यातली खासगी वनं सरकारजमा झाली. ‘खासगी वन’ कशाला म्हणायचं याच्या व्याख्येत, 35(3) ची नोटीस निघालेलं जंगलही धरलं होतं. अठरा-एकोणीस वर्षं पडून राहिलेल्या नोटिशीला इथे मालकी हिरावण्याचं बळ मिळालं. तरीही पुढची तीन दशकं जमिनींचा ताबा घेतला गेला नाही. त्याच जमिनींवर शासनाने सवलती दिल्या, महापालिकेने नकाशे मंजूर केले. परवानगी देणाऱ्यांनी वन खात्याचं दप्तर बघितलं नाही आणि वन खात्यानेही वेळेवर हरकत घेतली नाही. माझ्या मते खरा दोष इथे आहे.

जंगल वाचवण्याची मागणी खोटी नव्हती. उद्यानाच्या अंगावर अतिक्रमणं चढत होती आणि नोंदी अद्ययावत करा, असा आग्रह एका पर्यावरण संस्थेने उच्च न्यायालयात धरला तो रास्तच होता. त्यातूनच शेरे पडले. 24 मार्च 2008 ला मुंबई उच्च न्यायालयाने शासनाच्या बाजूने निकाल दिला आणि गोदरेज अँड बॉईस या कंपनीसह अनेक जण सर्वोच्च न्यायालयात गेले.

तिथे सगळा वाद एका क्रियापदावर येऊन ठेपला. कायद्यातल्या इंग्रजी ‘इश्यूड’चा अर्थ नोटीस नुसती काढली एवढाच, की मालकाला बजावली असाही? आपल्या तलाठ्यापासून कोर्टाच्या बेलिफापर्यंत कुणालाही विचारा, काढणं आणि बजावणं यांतला फरक तो सांगेल. कार्यालयात सही-शिक्का होऊन जावक क्रमांक पडला की नोटीस निघाली. ती मालकाच्या हातात पडून त्याची पोच आली, की बजावली. 2000 सालच्या एका निकालात सर्वोच्च न्यायालयानेच निघालेली नोटीस पुरेशी मानली होती.

30 जानेवारी 2014 ला न्या. लोढा, न्या. लोकूर आणि न्या. कुरियन जोसेफ यांच्या खंडपीठाने 2000 चा तो निकाल मोडीत काढला. ज्याला म्हणणं मांडायची संधी द्यायची, त्याच्यापर्यंत नोटीस पोचलीच नाही तर संधी कसली? शिवाय नोटीस 1975 मध्ये जिवंत असायला हवी होती, वर्षानुवर्षं धूळ खात पडलेली नव्हे. अधिकृत परवानग्या तपासून घर घेणाऱ्या नागरिकाला दोषी धरता येणार नाही, हेही न्यायालयाने मानलं.

त्यानंतरही असे वाद संपले नाहीत. प्रत्येक जमिनीबाबत प्रश्न तोच असतो: त्या नोटिशीची पोच दप्तरात आहे का?