बहाव्याचं बी रुजत का नाही?

एप्रिल आला, की बहाव्याच्या पिवळ्या झुंबरांच्या फोटोंबरोबर दोन विधानं दरवर्षी मोबाईलवर फिरू लागतात. एक, बहावा फुलला की दीड महिन्यात पाऊस येतोच. दुसरं, बहाव्याचं बी कोल्ह्याच्या पोटातून गेल्याशिवाय रुजत नाही, म्हणून घरी रोप करायच्या फंदात पडू नका. पहिल्याचं उत्तर सोपं आहे. बहावा दर उन्हाळ्यात एप्रिल-मेमध्ये फुलतो, मोसमी पाऊस जूनमध्ये येतो, त्यामुळे अंतर साधारण तेवढंच भरणार. पाऊस लांबलेल्या वर्षीही बहावा वेळेवर फुललेलाच असतो. दुसऱ्याबद्दल मात्र सविस्तर लिहायला हवं. त्याच्यापायी लोक रोप करायचं सोडून देतात, आणि हे बी केवढं देखणं यंत्र आहे ते त्यांना कळतच नाही.

मी पहिल्यांदा बारा बिया नुसत्याच कुंडीत पेरल्या होत्या. पावसाळाभरात एकच उगवली. पुढच्या मे महिन्यात कुंडी उपडी केली, तर मातीतून नऊ बिया जशाच्या तशा निघाल्या. तपकिरी, गुळगुळीत, चकचकीत. कुजल्या नव्हत्या आणि फुगल्याही नव्हत्या. महिनोन्‌महिने ओल्या मातीत राहून आतून कोरड्या! त्याच बिया पॉलिश पेपरवर घासल्या, रात्रभर भिजवल्या आणि पुन्हा लावल्या. दोन आठवड्यांत सात रोपं वर आली. कोल्हा आमच्या गच्चीत आलेला नव्हता.

बी न रुजण्याची कारणं वेगवेगळी असतात. कुठे गर्भ अपुरा वाढलेला असतो, कुठे संप्रेरकं त्याला थोपवून धरतात. बहावा, गुलमोहर, शिरीष यांच्या बियांत मुख्य अडचण एवढीच, की पाणी आत शिरत नाही. याला भौतिक सुप्तावस्था म्हणतात. बीच्या सालीत, वरच्या मेणचट थराखाली, उभ्या लांबट पेशींची एक रांग असते. पेटीत खडू उभे ठासून भरावेत तशी. सतराव्या शतकातले इटालियन शास्त्रज्ञ मार्सेल्लो माल्पिघी यांच्या नावावरून त्यांना माल्पिघी पेशी म्हणतात. या पेशींच्या भिंती जाड असतात आणि पाण्याला दाद न देणाऱ्या द्रव्यांनी भरलेल्या असतात. सूक्ष्मदर्शकाखाली साधारणपणे या रांगेतून एक आडवी तेजस्वी रेघ गेलेली दिसते, ती प्रकाशरेषा.

आता प्रश्न असा, की पाणी आत जात नाही, तर पिकताना आतलं पाणी बाहेर कसं गेलं? क्लोव्हर आणि ल्युपिन या शेंगवर्गीय वनस्पतींच्या बियांवर हाइड या संशोधकांनी १९५४ साली दाखवलेलं उत्तर वाचून मी अक्षरशः खुर्चीतून उठलो होतो. बी शेंगेला जिथे जोडलेलं असतं तिथे नाभी नावाची खूण राहते. तिच्यात एक बारीक चीर असते. हवा कोरडी झाली की चीर उघडते आणि आतली वाफ बाहेर पडते. हवा दमट झाली की चीर मिटते. म्हणजे बी आपल्या आयुष्यात भेटलेल्या सर्वांत कोरड्या हवेइतकं कोरडं होतं, आणि मग तसंच राहतं.

बहावाही ज्यात मोडतो त्या शेंगवर्गीय कुळातल्या अनेक बियांत पाणी शिरण्याची जागाही ठरलेली असते. नाभीजवळ छोटासा उंचवटा असतो, त्याला भिंग म्हणतात. तिथल्या माल्पिघी पेशींची वीण कच्ची असते. उन्हाळ्यात माती दुपारी तापते, रात्री निवते, असं पुष्कळदा झालं की तेवढ्याच जागी पेशी एकमेकींपासून सुटतात आणि पाण्याला वाट मिळते. केंटकी विद्यापीठातल्या कॅरोल आणि जेरी बास्किन या वनस्पतिशास्त्रज्ञ दांपत्याने २००० साली हाच मुद्दा ठासून मांडला होता: जंतू साल कुजवतात किंवा मातीच्या कणांनी ती झिजते, ही पुस्तकांतून चालत आलेली समजूत पुराव्यावर टिकत नाही. दार आहे, आणि ते तापमानाच्या किल्लीने उघडतं.

मग कोल्हा, माकडं, अस्वलं काय करतात? बहाव्याची शेंग आपणहून उकलत नाही. ही मंडळी आतल्या गोड चिकट गरासाठी ती फोडतात आणि बिया दूर नेऊन टाकतात. हे काम मोठंच आहे. पोटातून जाणं ही रुजण्याची अट मात्र नाही.

उष्णता आणि पाणी यांची जोडी काय करू शकते याचा एक विलक्षण दाखला लंडनचा आहे. चीनमधून १७९३ साली आणलेल्या रेशमी शिरीषाच्या बिया तिथल्या संग्रहालयात होत्या. १९४० साली बॉम्बहल्ल्यात इमारतीला आग लागली, ती विझवायला पाणी मारलं, आणि त्या बियांना कोंब फुटले. तब्बल १४७ वर्षांनी!

घरी करायचं ते असं. झाडाखाली पडलेली काळपट, खुळखुळणारी शेंग उचला. फोडून गर धुऊन टाका. तो रेचक आहे, मुलांच्या तोंडात जाऊ देऊ नका. बीच्या टोकाशी नाभी असते आणि तिथेच आत मुळाचा अंकुर असतो, म्हणून घासायचं ते विरुद्ध बाजूला. चमक जाऊन आतला फिकट रंग जेमतेम दिसू लागला की थांबा. रात्रभर साध्या पाण्यात ठेवा. सकाळी फुगून जवळपास दुप्पट झालेल्या बिया पेरा आणि न फुगलेल्या पुन्हा घासा. दूध, हळद, पौर्णिमेचा मुहूर्त यांतलं काहीच लागत नाही. रोपवाटिकांत तीव्र सल्फ्युरिक आम्ल वापरतात, ते घरात आणू नका. कढत पाण्यात टाकून निवू देण्याचीही पद्धत आहे, पण बिया उकळल्या तर आतला गर्भच मरतो.

पेरताना बी सेंटिमीटरभर खोल ठेवा आणि पिशवी उंच घ्या, कारण सोटमूळ झपाट्याने खाली जातं. उरलेल्या बिया न घासता कागदाच्या पुडीत ठेवा आणि पुडीवर साल लिहा. त्या कित्येक वर्षं टिकतात.