आंतरग्रहीय मनोयुद्ध

आंतरग्रहीय मनोयुद्ध : वेगवेगळ्या ग्रहांवरच्या सत्तांमध्ये मुख्यतः मनाच्या शक्तींनी लढले जाणारे काल्पनिक युद्ध. विज्ञानकथा, चित्रकथा आणि संगणकीय खेळांत ही कल्पना चांगलीच रुळली आहे. दुसऱ्याचे विचार वाचणे, दूरचे डोळ्यांविना पाहणे, इच्छाबळाने वस्तू हलवणे आणि शत्रूच्या मनात भास उभा करणे ही यातली नेहमीची आयुधे. या शक्तींना प्रयोगसिद्ध आधार नाही.

कल्पनेचे मूळ ग्रहांमधल्या अंतरात आहे. पृथ्वी आणि मंगळ साधारण दर २६ महिन्यांनी जवळ येतात, तेव्हाही मध्ये किमान साडेपाच कोटी किमी उरतात. एरवी हे अंतर ४० कोटींपर्यंत वाढते. रेडिओसंदेश प्रकाशाच्या वेगाने जाऊनही ३ ते २२ मिनिटे घेतो. नाशिकजवळ देवळालीला लष्कराचे तोफखाना प्रशिक्षण केंद्र आहे. तिथे शिकवल्या जाणाऱ्या माऱ्यात तोफ डागणाऱ्याला लक्ष्य बहुधा दिसतच नाही. पुढे दडून बसलेला निरीक्षक गोळा कुठे पडला ते कळवतो आणि त्यावरून पुढचा नेम सुधारला जातो. निरीक्षक मंगळाजवळ आणि सेनापती देवळालीत असेल, तर एका सवाल-जवाबालाच पाऊण तास जाऊ शकतो. तोवर लक्ष्य तिथे राहील कशाला? म्हणून कथाकार निरीक्षकाच्या जागी मनकवडा बसवतो.

मनाचा वेग सर्वांत जास्त, हे आपल्याकडे नवे नाही. रामरक्षेत मारुतीला ‘मनोजवं मारुततुल्यवेगं’ म्हटले आहे आणि नाशिक–त्र्यंबक रस्त्यावरची अंजनेरी हे त्याचे जन्मस्थान, अशी इथली श्रद्धा आहे (किष्किंधेचाही तसाच दावा आहे, आणि दोन्हीकडचे लोक मागे हटणारे नाहीत). मनोयुद्धाचा खरा पूर्वज मात्र महाभारताच्या वनपर्वात सापडतो. शाल्व राजा सौभ नावाच्या आकाशगामी नगरातून लढतो. कृष्णाला तो आधी पित्याच्या वधाची खोटी बातमी पोचवतो, मग वसुदेवांचा देह सौभातून खाली कोसळताना दाखवतो. कृष्ण क्षणभर मूर्च्छित होतो. भानावर आल्यावर ही माया असल्याचे त्याला उमगते आणि शेवटी सुदर्शनाने तो सौभ फोडतो. भासाचे हत्यार कुठे लागते, तर शत्रूला जे सर्वांत प्रिय आहे तिथे. आजच्या कित्येक अंतराळकथांना हे जमलेले नाही.

आधुनिक रूपाला परामानसशास्त्राने, म्हणजे मनाच्या अशा कथित शक्तींच्या अभ्यासाने, खतपाणी घातले. लंडनमध्ये १८८२ साली अशा घटनांच्या अभ्यासासाठी संस्था निघाली. १९३० च्या दशकात अमेरिकेतल्या ड्यूक विद्यापीठात जे. बी. ऱ्हाइन यांनी पाच चिन्हांचे २५ पत्ते न पाहता ओळखायला लावण्याचे प्रयोग केले. निव्वळ योगायोगाने सरासरी पाच पत्ते बरोबर यावेत. काहींचे त्याहून जास्त आले आणि अंतर वाढले तरी फरक पडत नाही, असे ऱ्हाइन म्हणाले. इतरांना हे निष्कर्ष खात्रीने पुन्हा मिळवता आले नाहीत, पण कथाकारांना ‘अंतराने फरक पडत नाही’ एवढेच हवे होते. शीतयुद्धात अमेरिकी सरकारने ‘दूरचे पाहणाऱ्यां’वर पैसा खर्च केला. १९८४ मध्ये एकाला तर चक्क दहा लाख वर्षांपूर्वीचा मंगळ ‘पाहायला’ लावले, आणि त्याने उंच माणसे व पिरॅमिड पाहिल्याचे सांगितले! हेरगिरीला उपयोग नाही, असे ठरून १९९५ साली हा उद्योग बंद झाला.

भौतिकीची अडचण सरळ आहे. मेंदूला चालायला सुमारे २० वॉट पुरतात आणि डोक्याच्या त्वचेवर त्याचे विद्युत संकेत मायक्रोव्होल्टमध्ये मोजावे लागतात. खोलीच्या पलीकडेही ते पोचणार नाहीत. संदेश प्रकाशापेक्षा वेगाने जातो असे मानले, तर सापेक्षतेनुसार कारणाआधी परिणाम घडण्याची वेळ येते.

कथेची अडचण वेगळी. सगळ्यांचे मन वाचता येत असेल तर पहिल्याच प्रकरणात युद्ध संपायला हवे. म्हणून मर्यादा घालाव्या लागतात : पल्ला, थकवा, शिरस्त्राण. यातले शिरस्त्राण सर्वांत आळशी. टोपी घातली की प्रश्न मिटला. शक्तीची किंमत वापरणाऱ्याकडून वसूल करणारी मर्यादा अधिक टिकते. पतंजलींच्या योगसूत्रांत परचित्तज्ञानाचा, म्हणजे दुसऱ्याचे मन जाणण्याचा उल्लेख आहे, पण सिद्धी समाधीच्या वाटेतले अडथळे ठरवल्या आहेत. ब्रह्मगिरीवर गहिनीनाथांनी निवृत्तीनाथांना दीक्षा दिली, त्या नाथपरंपरेच्या गोष्टींतही हाच सूर आहे. वाघावर बसून आलेल्या चांगदेवांना ज्ञानेश्वर भिंत चालवून सामोरे जातात, पण गोष्टीत हरतो तो चांगदेवांचा अहंकार. जखमी कोणीच होत नाही.

मनातली झुंज दिसत नाही, ही चित्रमाध्यमांची पंचाईत. कपाळावरची तट्ट शीर आणि डोळ्यांतून निघणारे किरण हे त्यावरचे ठरलेले तोडगे. आपल्याकडच्या पौराणिक मालिकांत अस्त्रे हवेत एकमेकांवर आदळतात, त्याच पद्धतीने हे किरणही मध्यावर भिडवले जातात.