सारा बर्नार आणि लाकडी पायाचा हॅम्लेट

फ्रेंच रंगभूमीवरच्या सारा बर्नारचं नाव निघालं की कोणीतरी हमखास सांगतं, 'तिने लाकडी पाय लावून हॅम्लेट केला होता.' किस्सा झकास आहे, पण खोटा. तारखा जुळवल्या तरी पुरे.

हॅम्लेट तिने पॅरिसमध्ये १८९९ साली केला. पुढच्याच वर्षी, पॅरिसच्या जागतिक प्रदर्शनासाठी त्यातल्या द्वंद्वयुद्धाचं छोटं चित्रीकरण झालं. ते आजही पाहता येतं: पन्नाशीतली बाई दोन्ही धड पायांवर तलवार फिरवते आहे! उजवा पाय कापावा लागला तो थेट फेब्रुवारी १९१५ मध्ये, बोर्दोला. गुडघ्याचं दुखणं बरंच जुनं होतं. तेव्हा ती सत्तर वर्षांची होती.

बरं, नंतर तरी लाकडी पाय? तोही तिला रुचला नाही. तिला खुर्चीच्या पालखीतून उचलून नेत. अशीच ती महायुद्धात आघाडीवरच्या सैनिकांसमोर गेली, पुढे बसून किंवा आधार घेऊन भूमिका करत राहिली. मार्च १९२३ मध्ये वारली, तेव्हाही तिच्या घरात एका चित्रपटाचं काम चालू होतं.

याच्या जोडीला आणखी एक थाप फिरते: कापलेला पाय प्रदर्शनात मांडायला अमेरिकन सर्कसवाल्या बार्नमने मोठी रक्कम देऊ केली म्हणे. हा बार्नम १८९१ मध्येच वारला होता.