सगळ्यांनी कापूस अडवला की भाव चढतो?

यवतमाळ-वर्ध्याकडे पारावर हमखास ऐकू येतं, ‘सगळ्यांनी कापूस घरात ठेवला की भाव चढतोच.’ हे खरं नाही. २०२२ च्या सुरुवातीला क्विंटलला १०,००० वर भाव गेला, तो जगभर रुई, म्हणजे सरकी काढलेला कापूस, महागल्यामुळे. मे २०२२ मध्ये न्यूयॉर्कच्या वायद्यात, म्हणजे पुढच्या तारखेच्या सौद्यांत, ती पौंडाला १५० सेंटवर होती. ऑक्टोबरअखेर निम्म्यावर आली. तरी पुढच्या हंगामात गावंच्या गावं कापूस न विकता थांबली. घरात ठेवलेला कापूस वाळून वजनात घटतो, पिवळा पडतो, लेकरांच्या अंगाला खाज सुटते. हा तोटा कुणी मोजतच नाही.

गावाच्या उलट केलं की फायदाच, हाही खोटा समज. क्विंटलभर कापसातून साधारण ३४ किलो रुई निघते, बाकी बहुतेक सरकी. कापसातून सरकी वेगळी करणारा जिनिंगवाला या दोन्हींचे दर रोज पाहतो, त्यावरूनच कापसाला भाव देतो. आपणही तेच पाहावेत.