बस्त्याच्या यादीत राहून जाणारी खरेदी
नवरीच्या आतल्या कपड्यांविषयी, आमच्या ग्राहकांसाठी

बस्ता बांधायला अख्खं घर येतं. शालू, हळदीची साडी, मानपानाच्या साड्या, टॉवेल-टोप्या, सगळं यादीप्रमाणे होतं. नवरीचे आतले कपडे मात्र अक्षतेच्या आदल्या दिवशी घाईघाईत कुणाला तरी पाठवून आणले जातात. मोठ्या माणसांसमोर विषय काढायचा कसा, म्हणून तो मागे पडत जातो. सांगलीत आमच्या काउंटरवर दर लग्नसराईत हेच दिसतं, म्हणून हे पत्रक काढलं. आमचं सांगणं एकच आहे. आतले कपडे आधी घ्या आणि ब्लाउज नंतर शिवायला टाका.

कारण सोपं आहे. रोजच्या, ताणून सैल झालेल्या ब्रावर माप दिलं आणि लग्नाच्या दिवशी नवी पॅडेड ब्रा घातली, तर छातीचं माप बदलतं. मग ब्लाउजची कटोरी, म्हणजे छातीवरचा गोल भाग, जागेवर बसत नाही, पुढचे हुक ताणतात आणि दोन हुकांच्या मधे फट दिसते. आरी वर्क केलेला ब्लाउज आयत्या वेळी उसवताही येत नाही. म्हणून टेलरकडे मापाला आणि ट्रायलला जाताना लग्नात घालायची तीच ब्रा घालून जा. खांद्याला आतून टिचबटण लावलेली छोटी पट्टी शिवून मागा. ब्राचा पट्टा त्यात अडकवला की दिवसभर बाहेर डोकावत नाही.

मापाचं थोडं

34, 36 हा आकडा छातीखालच्या पट्ट्याचा, आणि ए, बी, सी हे अक्षर कपाचं. छातीला खरा आधार पट्टा देतो, खांद्याचे पट्टे नाही. पट्टा पाठीवर वर सरकत असेल तर तो सैल आहे, आणि खांद्यावर वळ उठत असतील तर बहुतेक वेळा कारण तेच. नवी ब्रा सगळ्यात बाहेरच्या, म्हणजे सैल हुकावर नीट बसली पाहिजे. इलॅस्टिक पुढे ढिलं होतं तेव्हा आतले हुक कामाला येतात. 34 सीचा पट्टा काचत असेल तर 36 बी घालून बघा, कप जवळपास तेवढाच राहतो. पण नुसतं 36 सी घेतलं तर कपही मोठा होतो. कंपनीगणिक माप थोडं इकडेतिकडे असतं, त्यामुळे आकड्यावर अडून बसू नका, घालूनच ठरवा.

पाठीला मोठा गळा असेल तर ब्लाउजलाच कप शिवून घेणं उत्तम. चिकटवायच्या सिलिकॉन कपांबद्दल ग्राहक फार विचारतात. संध्याकाळच्या रिसेप्शनला, एसी हॉलमध्ये, दोन-तीन तासांसाठी ते चालतील. पण एप्रिल-मेमध्ये आपल्याकडे पारा 40च्या आसपास असतो, अंगावर हळदीचं तेल असतं आणि समोर होम पेटलेला असतो. त्यात ते सुटतात. दुपारच्या मुहूर्ताला आम्ही ते देत नाही, मागितले तरी आधी हे सांगतो. घेतलेच तर आठवडाभर आधी थोडा वेळ लावून बघा, खाज किंवा पुरळ आलं तर नादाला लागू नका. पारदर्शक प्लास्टिकचे पट्टेही घामात खांद्याला रुततात आणि फोटोत चमकतात.

नऊवारी असेल तर

नऊवारीखाली परकर नसतो, म्हणून आत सायकलिंग, म्हणजे अंगाला घट्ट बसणारी लांबट चड्डी, हवी. ती गुडघ्याच्या वर संपणारी घ्या. काष्टा घातला की पोटऱ्या दिसतात, लांब लेगिंग्ज मागून लगेच कळते. कापड सुती-लायक्रा असावं. गुळगुळीत नायलॉनवरून साडी घसरते आणि घामही टिपला जात नाही. रंग अंगाच्या रंगाशी जुळणारा. पिवळ्या किंवा मोतिया साडीखाली पांढरं जास्त उठून दिसतं, हे घरी उजेडात एकदा बघाच. नेसवणाऱ्या ताईंना आधीच विचारून ठेवा की बाथरूमला जाताना साडी कशी सावरायची. शिवलेली नऊवारी असेल तर चेन कुठे आहे ते करवलीलाही माहीत असू द्या. नवऱ्या मुली या भीतीने सकाळपासून पाणीच पीत नाहीत, आणि उन्हाळ्यात ते अंगाशी येतं.

शालूखालचा परकर

जड शालूला सुती परकर, रुंद नाडीचा. शालूचा भार कमरेवर येतो, त्यामुळे बारीक दोरीसारखी नाडी संध्याकाळपर्यंत कातडीत रुतते. गाठ पोटावर मधोमध न देता बाजूला द्या, बसताना टोचत नाही. फिश कट परकर (गुडघ्यापर्यंत घट्ट, खाली पसरणारा) किंवा साडी शेपवेअर उभं राहून छान दिसतं, पण सगळे विधी उभ्याने होत नाहीत. ज्या साडीत पाटावर मांडी घालून बसायचं आहे तिच्याखाली ते नको. पोट दाबणारं शेपवेअरही जेवणाच्या पंगतीपर्यंत नकोसं होतं. हौस असेल तर रिसेप्शनच्या साडीला ठेवा.

आरशासमोर उभं राहून कपडा कळत नाही. आम्ही ट्रायल रूममध्ये मुलींना तीन गोष्टी करायला सांगतो: हार घालतात तसे दोन्ही हात डोक्याच्या वर न्या, खाली वाकून नमस्कार करा आणि मांडी घालून थोडा वेळ बसा. हात वर केल्यावर ब्राचा खालचा पट्टा छातीवर चढला तर पट्ट्याचं एक माप कमी लागतं. वाकल्यावर कपाच्या कडेतून छाती बाहेर येत असेल तर कप लहान आहे. मांडी घातल्यावर निकरचं इलॅस्टिक जांघेत काचलं तर ती ठेवून द्या आणि दुसरी बघा. घरी नेल्यावर एकदा धुवा, म्हणजे कापडाची खळ निघते, आणि एखाद्या दिवशी स्वयंपाक करताना दोन-तीन तास अंगावर ठेवा. लग्नाच्या दिवशी कोरी करकरीत ब्रा पहिल्यांदा घालणं टाळाच.

हळदीला मात्र नवं काही घालू नका. जुने सुती कपडे काढून ठेवा. हळदीच्या डागाला साबण लागला की तो लाल होतो, घाबरू नका. धुऊन कडक उन्हात वाळत घाला, डाग बराच उडतो.

लग्नाची तारीख पाळीच्या आसपास येत असेल तर आम्हाला मोकळेपणाने सांगा. पॅडसह घालायच्या, आतून न गळणाऱ्या कापडाच्या निकर मिळतात. सायकलिंगखाली त्या व्यवस्थित बसतात. पाळी पुढे ढकलायच्या गोळ्या मात्र डॉक्टरांना विचारल्याशिवाय घेऊ नका, मैत्रिणीने घेतल्या म्हणून तर नाहीच.

नवरदेवासाठी दोनच गोष्टी. धोतराखाली अंगाच्या रंगाची, मांडीपर्यंतची ट्रंक, कारण धोतर उन्हात आरपार दिसतं. शेरवानीखाली बाह्यांची सुती बनियन, म्हणजे काखेतला घाम अस्तराला लागत नाही.

महिला विभागात माप घ्यायला आणि दाखवायला बायकाच आहेत. गर्दीत बोलायला संकोच वाटत असेल तर ब्लाउजचा आणि साडीचा फोटो दाखवा, पुढचं आम्ही विचारून घेऊ. येताना शक्य झालं तर दुपारी दोन ते चार या वेळेत या, तेव्हा ट्रायल रूम रिकामी मिळते. ब्रा आणि परकर लेबल न काढता, न धुता आठ दिवसांत आणले तर माप बदलून देतो. निकर बदलून मिळत नाही, म्हणून तिचं माप इथेच सावकाश ठरवा.