मूल आणि एलियनची दोस्ती: हे सुरू कुठून झालं?

एकटं पोर, घरामागे सापडलेला छोटासा एलियन आणि दोघांची धमाल, अशी शॉर्ट फिल्म आली की लोक लगेच म्हणतात ही स्टीव्हन स्पीलबर्गच्या ‘ई.टी.’ या हॉलिवूड सिनेमाची कॉपी. पण ई.टी. 1982 चा, आणि त्याच्या 15 वर्षं आधीच असली एक गोष्ट कलकत्त्यात कागदावर उतरली होती.

सत्यजित रायनी 1962 ला ‘संदेश’ या मुलांच्या मासिकात ‘बंकुबाबूर बंधू’ ही कथा लिहिली. त्यात मूल नाहीये, गावातले लोक ज्याची सतत टर उडवतात असा एक गरीब मास्तर आहे, त्याला बांबूच्या बनात एलियन भेटतो आणि मारत-बिरत नाही, चक्क गप्पा मारतो. हाच धागा पकडून 1967 ला रायनी ‘द एलियन’ची स्क्रिप्ट लिहिली, विज्ञानकथा लेखक आर्थर क्लार्कच्या ओळखीतून माईक विल्सन मध्यस्थ म्हणून आला, हॉलिवूडची कोलंबिया कंपनी तयार झाली आणि ब्रिटिश विनोदी नट पीटर सेलर्स मारवाडी शेठ होणार होता. बंगालमधल्या खेड्यात यान तळ्यात पडतं, लोकांना वाटतं देऊळच वर आलंय, मग पूजाअर्चा सुरू! एलियन दोस्ती करतो ती हाबा नावाच्या गरीब पोराशी, आणि पक्का खोडकर, अवेळी आंब्याला फळं काय आणतो, शेत काय पिकवून टाकतो.

मग सगळं फिसकटलं. स्क्रिप्टच्या कॉप्यांवर रायच्या जोडीला विल्सनचंही नाव कॉपीराइटमध्ये छापलेलं, 1968 ला सेलर्सने अंग काढून घेतलं, विल्सन पुढे संन्यासी झाला (खरंच!), आणि पिक्चर राहिला तो राहिलाच.

ई.टी. आल्यावर राय म्हणाले की माझ्या स्क्रिप्टच्या कॉप्या अमेरिकेभर फिरत नसत्या तर हा सिनेमा झालाच नसता. स्पीलबर्गचं म्हणणं, मी तेव्हा शाळेत होतो. आता 1967 ला हा गडी 20 वर्षांचा होता, पण ते एक असो, कारण आईवडिलांच्या घटस्फोटानंतर मनातल्या मनात केलेल्या दोस्तावरून ई.टी. सुचला असंही त्याने सांगितलंय आणि सिनेमा बघताना ते पटतं. पडद्यावरची स्क्रिप्ट तर मेलिसा मॅथिसनची.

मला विचाराल तर चोरीच्या वादात मजेचा भाग बाजूला पडतो. ई.टी.चा जीव घरी परत जाण्यात अडकलेला, रायचा एलियन मात्र नुसता खेळायला आल्यासारखा, त्यामुळे हल्लीच्या मस्तीखोर शॉर्ट फिल्म्स मला हाबाच्याच जास्त जवळच्या वाटतात. रायची ती स्क्रिप्ट आणि पत्रव्यवहार 2018 ला पुस्तकात आलाय, ते वाचून ठरवा.