होटगी रोडचे १,५८४ फूट

सोलापूर स्टेशनच्या पिवळ्या पाटीवर गावाच्या नावाखाली समुद्रसपाटीपासूनची उंची लिहिलेली असते. गाडी सुटेपर्यंत वेळ जात नाही म्हणून ती पाटी वाचली जाते आणि विसरली जाते. विमानवाल्यांना मात्र हा आकडा विसरून चालत नाही. होटगी रोडच्या विमानतळाचा आकडा आहे १,५८४ फूट. जून २०२५ मध्ये इथून गोव्याची आणि ऑक्टोबरमध्ये मुंबईची विमानं सुरू झाली. तेव्हापासून "विमानाला आपली उंची कळते कशी?" हा प्रश्न गावात अधूनमधून निघतो.

उंची दाखवणाऱ्या यंत्राची, म्हणजे उंचीमापकाची, जुनी कथा थोडक्यात. पाऱ्याचा वायुदाबमापक १६४३ चा. १८४४ मध्ये फ्रान्समध्ये पाऱ्याऐवजी हवा काढून टाकलेली धातूची पातळ डबी आली. वर जावं तसा बाहेरचा दाब कमी होतो, डबी फुगते आणि काटा सरकतो. आजही तत्त्व तेच आहे. खरी उडी १९२८ ची. त्या वर्षी न्यूयॉर्कमधल्या एका स्थलांतरित जर्मन अभियंत्याने या डबीला नाजूक दातेरी चाकं जोडली आणि शेजारच्या छोट्या खिडकीत घुंडी फिरवून त्या दिवसाचा दाब लावायची सोय केली. पुढच्याच वर्षी, सप्टेंबर १९२९ मध्ये, एका वैमानिकाने कॉकपिटवर झाकण ओढून, बाहेरचं काहीही न बघता, केवळ यंत्रांच्या भरवशावर विमान उडवलं आणि उतरवलं. (पुढच्या जागेवर दुसरा वैमानिक बसवला होता, हे सांगायचं राहून जातं.)

पण काटा उंची मोजतच नाही, मोजतो दाब. त्या दाबाची उंची करायची तर 'शून्य कुठे धरायचं' हे आधी ठरवावं लागतं. सगळा घोळ इथे आहे, आणि मराठीत तो दुप्पट होतो. इंग्रजीत जमिनीपासूनची हाइट, समुद्रसपाटीपासूनचं अल्टिट्यूड आणि जागेचं स्वतःचं एलिव्हेशन असे तीन वेगळे शब्द आहेत. आपल्याकडे तिन्हींना 'उंची'.

खिडकीत काय लावायचं याचे संकेत तारायंत्राच्या जमान्यातले. १९१२ च्या लंडन परिषदेने 'क्यू'पासून सुरू होणाऱ्या तीन अक्षरी संकेतांची यादी स्वीकारली. त्याच घराण्यात पुढे क्यूएफई आणि क्यूएनएच आले. या अक्षरांचा विस्तार शोधू नये. शिकवताना सांगितले जाणारे विस्तार मागाहून जुळवलेले आहेत. क्यूएफई म्हणजे धावपट्टीवरचा दाब; तो लावला की धावपट्टीवर काटा शून्य दाखवतो. क्यूएनएच म्हणजे समुद्रसपाटीला धरलेला दाब; तो लावला की त्याच जागी होटगी रोडला १,५८४ दाखवतो.

क्यूएफई मनाला पटतं. जमिनीला टेकलो, शून्य झालं. ब्रिटिश हवाई दलात ते रुळलं, सोव्हिएत मुलखात तर मीटरसकट अनेक दशकं टिकलं. दोन्ही बाजूंना कट्टर समर्थक होते. माझं मत विचाराल तर क्यूएनएच जिंकलं ते बरं झालं. नकाशातले डोंगर आणि मनोरे समुद्रसपाटीपासून लिहिलेले असतात. काटा एका भाषेत आणि नकाशा दुसऱ्या भाषेत बोलत असेल, तर बेरीज-वजाबाकी नेमकी गडबडीच्या वेळी करावी लागते. शिवाय बऱ्याच उंचीमापकांची खिडकी साडेनऊशे हेक्टोपास्कलच्या (दाबाचं एकक) आसपास संपते. मे महिन्यातल्या एखाद्या दुपारी समुद्रसपाटीचा दाब १,००५ धरला, तर सोलापूरचं क्यूएफई ९४९ च्या घरात येतं. म्हणजे घुंडी जवळजवळ टोकाला. साडेदहा हजार फुटांवरच्या लेहमध्ये तर अशा खिडकीत क्यूएफई लावताच येणार नाही.

आता त्याच दुपारी कुणी १,००५ ऐवजी १,०१३ हा सरासरी म्हणून ठरवलेला प्रमाण दाब तसाच ठेवला असं समजा. एका हेक्टोपास्कलला साधारण २७-२८ फूट. काटा सव्वादोनशे फूट जास्त दाखवेल, म्हणजे विमान वैमानिकाला वाटतं त्याहून तितकं खाली असेल. सोलापूरकरांना हे अंतर वेगळं समजावून सांगायला नको. विमानांना अडथळा ठरते म्हणून जून २०२३ मध्ये पाडलेली, विमानतळाजवळच्या साखर कारखान्याची चिमणी सुमारे ९० मीटर, म्हणजे तीनशे फुटांच्या आत-बाहेर होती. घुंडीची चूक झाली पाऊण चिमणीएवढी.

त्या चिमणीच्या वादातही 'उंची' हाच शब्द दोन्ही बाजूंनी वेगवेगळ्या अर्थाने वापरला. कारखान्याचे सभासद पायथ्यापासूनचे मीटर सांगायचे. विमानतळाच्या भोवतालचे अडथळे मात्र विमानतळाच्या पातळीपासून मोजतात. मोठ्या धावपट्टीभोवती चार किलोमीटरच्या परिघात साधारण ४५ मीटरची मर्यादा असते. आणि वैमानिकाच्या नकाशावर तिसराच आकडा येतो. चिमणीचा पायथा धावपट्टीच्या पातळीत धरला तर टोक १,८८० फुटांच्या जवळपास. चिमणी एक, उंच्या तीन. चिमणी पाडायला हवी होती की नव्या विमानतळासाठी ठरवलेल्या बोरामणीला जायला हवं होतं, हा वाद इथे उकरत नाही; पण इतकी वर्षं भांडताना कुणी हे तीन आकडे एका कागदावर लिहून लोकांसमोर ठेवले असते, तर बरं झालं असतं.

ठरावीक उंचीच्या वर सगळ्यांनी १,०१३.२५ हा प्रमाण दाबच लावायचा, ही पुढची सोय. तिथे सगळ्यांची चूक सारखीच, त्यामुळे विमानांमधलं अंतर टिकतं. नोव्हेंबर १९९६ मध्ये हरियाणातल्या चरखी दादरीच्या आकाशात दोन विमानं धडकली आणि ३४९ जण गेले. एकाला १५,००० फूट नेमून दिले होते, दुसऱ्याला १४,०००. वरचं विमान खाली आलं. दिल्लीच्या तेव्हाच्या रडारवर विमानांची उंची दिसतच नव्हती. त्यानंतर उंचीमापकाचा आकडा आपोआप जमिनीवर पाठवणारी आणि धडकेचा इशारा देणारी उपकरणं सक्तीची झाली. २००३ मध्ये भारताच्या वरच्या आकाशात विमानांमधलं उभं अंतर दोन हजारांवरून एक हजार फुटांवर आलं, ते अचूक उंचीमापकांच्या जोरावर.

आणि तरीही मे २०२२ मध्ये पॅरिसला नियंत्रकाने क्यूएनएच १,००१ ऐवजी १,०११ सांगितलं. वैमानिकांनी तेच लावलं. पावसात, धावपट्टीच्या अलीकडे सुमारे दीड किलोमीटरवर विमान जमिनीपासून सहा फुटांवर आलं होतं. हे सहा फूट नंतर कळले ते जमिनीवर लहरी सोडून अंतर मोजणाऱ्या दुसऱ्या यंत्रामुळे. दाबाचा काटा तेव्हाही जवळपास तीनशे फूट जास्तच दाखवत होता. धावपट्टी दिसली नाही म्हणून वैमानिकांनी विमान वर उचललं, फेरी मारली आणि दुसऱ्यांदा उतरायला आले. खिडकीत आकडा तोच, १,०११. या वेळी मात्र धावपट्टी दिसली.